सचोटीचं दुकान

प्रभाकरकाकांच्या घरात फोडणी टाकायच्या आधी सगळ्यांचे कोट वरच्या मजल्यावर न्यावे लागत. लंडनच्या टोकाला इल्फर्डमधलं ते रांगेतलं घर. दारातून आत शिरलं की डाव्या हाताला कोटांच्या खुंट्या, उजवीकडे जिना, समोर स्वयंपाकघर. तेल तापत ठेवायचं, चारपाच कोट दोन्ही हातांवर घेऊन वर जायचं, नीलाकाकूंच्या पलंगावर पसरायचे, दार घट्ट लावायचं आणि धावत खाली यायचं. तोवर तेलातून धूर निघालेला असे आणि छतावरचा धुराचा भोंगा कोकलायला लागलेला असे. मग काका वर्तमानपत्राची घडी घेऊन यायचे आणि भोंग्याला वारा घालता घालता ओरडायचे, "हंसा, किती वेळा सांगितलं, आधी कोट, मग तेल!" काका एका विमा कंपनीत मोठ्या हुद्द्यावर होते. काकू कौन्सिलच्या ऑफिसात जायच्या. ट्रेनमध्ये शेजारी बसलेल्या गोऱ्या माणसाला आपल्या कोटातून लसणीचा वास येईल, या एका भीतीवर त्या घराचे सगळे नियम उभे होते. माणूस आतून कसाही नासलेला चालेल, कोट स्वच्छ पाहिजे. आज ब्रिस्टलला माझ्या स्वतःच्या स्वयंपाकघराच्या दारामागे माझा कोट टांगलेला असतो आणि मी त्याच्या समोर खुशाल बोंबील तळते. मला कुणी ट्रेनमधून अजून उतरवलेलं नाही.

माझं नाव हंसा नाही, हौसा. काकांना ते नाव गावंढळ वाटायचं. पाहुण्यांना माझी ओळख करून देताना ते म्हणत, "ही आमची हंसा, अगदी घरच्यासारखी." या 'सारखी'मध्ये काय काय मावतं ते मी त्या घरात शिकले. घरच्यासारखी म्हणजे जेवण सगळ्यांचं झाल्यावर, झोपायला इस्त्रीच्या फळीशेजारची बिनखिडकीची खोली आणि सुट्टीचा विषय निघाला की काकूंचं दुखावलेलं तोंड. "घरच्या माणसाला कसली गं सुट्टी?" मी चौथीनंतर शाळा सोडली आणि पुण्याला काकांच्या आईकडे कामाला लागले. आजींना इकडे आणलं तेव्हा त्यांचं करायला मलाही आणलं. आजी वर्षभरात गेल्या. मी राहिले. अठरा पुरी होऊन एकोणिसावं लागलं होतं.

माझा पासपोर्ट विमानतळावर उतरल्या उतरल्या काकांनी मागून घेतला होता, "हरवेल तुझ्याकडून" म्हणून. व्हिसा संपत आला होता. तो वेळेत वाढवून घेतला नाही तर मी या देशात चोरून राहणारी ठरणार, हे मला काकूंनीच सांगितलं होतं. वर हेही सांगितलं होतं की तसं झालं की पोलीस दिसला तरी तोंड लपवावं लागतं. मी विचारलं की काका म्हणायचे, "पासपोर्ट क्रॉयडनला आहे. व्हिसाच्या ऑफिसात. सरकारी काम आहे, वेळ लागतो." पाच महिने तो क्रॉयडनला होता. माझ्या डोळ्यांपुढे क्रॉयडन म्हणजे एक मोठं कपाट यायचं, त्यात माझ्यासारख्या हजार मुलींचे पासपोर्ट उभे करून ठेवलेले.

घराच्या माळ्यावरच्या खोलीत एमिको नावाची जपानी मुलगी भाड्याने राहायची. चित्रकलेच्या कॉलेजात शिकायची. माझ्याइतकीच लाजरी. जिन्यात समोरासमोर आलो की दोघीही भिंतीला चिकटायचो आणि दुसरीने आधी जावं म्हणून थांबून राहायचो. असं करता करता एकदा आम्हाला दोघींनाही हसू आलं. त्यानंतर ती मला वर बोलवायला लागली. ती नुसत्या भातावर एक खारवलेलं आंबट फळ ठेवून जेवायची. मी तिला लिंबाचं लोणचं नेऊन दिलं, ते तिने चाखलं, डोळ्यांतून पाणी आलं, आणि तिने ताटली पुन्हा पुढे केली. भाषा आमच्यात नव्हतीच. तिचं इंग्रजी तिच्यापुरतं, माझं शून्य. तिच्याकडे एक जपानी सिनेमा होता, विनोदी, आणि तो तिला इतका आवडायचा की रविवारी दुपारी कपडे वाळत टाकून झाले की आम्ही तो लावायचो. मी सातआठ वेळा तरी पाहिला असेल. एक शब्द कळत नव्हता आणि बहुतेक त्यामुळेच सगळा कळला.

त्यात तीन भामटे असतात. एक म्हातारा, सुरेख सूट घातलेला. एक बारीकशी बाई, नेहमी आत्ताच रडून आल्यासारखी. आणि एक जाडा तरुण, ज्याला सतत भूक लागलेली असते. ते शहरात एक रिकामं ऑफिस घेतात, दारावर पाटी लावतात, टेबलावर लाल शाईचा शिक्का ठेवतात, आणि सचोटीचे दाखले द्यायला लागतात. तुम्ही प्रामाणिक आहात, असा छापील कागद. एमिकोने मुठीने तळहातावर शिक्का मारून दाखवला आणि म्हणाली, "गुड मॅन. पेपर. गुड मॅन." दाखला हवा असेल तर एकच अट. आजवर जे काही खोटंनाटं केलं असेल ते फॉर्मवर लिहून द्यायचं, म्हणजे ऑफिस तपासून सांगेल की तसं काही घडलंच नव्हतं. आणि मोठी माणसं येतात! कारखानदार येतो, मंत्री येतो, दवाखान्याचा मुख्य येतो, देवळाचा मोठा पुजारी येतो. पावसात छत्र्या धरून रांगेत उभे राहतात आणि पानंच्या पानं लिहितात. भामटे काहीही खोटं बोलत नाहीत. नुसते कमरेत वाकून नमस्कार करतात आणि वाट बघतात. शेवटी ते तिघं सगळे फॉर्म इमारतीच्या गच्चीवर दोऱ्यांवर वाळत घालतात, धुतलेल्या कपड्यांसारखे, आणि बोटीत बसून निघून जातात. खाली अख्खं शहर माना वर करून वाचत उभं. एमिको त्या जागी दर वेळी टाळी वाजवायची. मी पहिल्यांदा घाबरले. एवढी मोठी माणसं उघडी पडली तर उद्या भाकरी कोण देणार, असंच माझ्या मनात आलं होतं.

काकांची मुलगी ईशा सतरा वर्षांची होती, इथेच जन्मलेली. एकदा तीही आमच्याबरोबर बसली आणि हसून हसून गादीवरून खाली पडली. रात्री जेवताना तिने बापाला गोष्ट सांगितली. "बाबा, इट्स सो फनी. ते चोर लोक आहेत ना, ते चोरी करतच नाही. मोठा लोकच त्यांना सगळं देतो." काकांचा घास हातातच राहिला. काका म्हणजे आमच्या मराठी मंडळाचे नाट्यविभाग प्रमुख. ते म्हणाले, "हे आपण गणपतीत करायचं. जपानी विनोदाचं मराठी रूपांतर. लंडनमध्ये कुणाच्या बापाने केलं नसेल." दुसऱ्या दिवशी त्यांनी सिनेमा वीस मिनिटं पाहिला, फोन आला म्हणून उठले ते परत आलेच नाहीत. रूपांतर मात्र आठवड्यात लिहून तयार. नाव ठेवलं 'सचोटीचं दुकान'.

मग कमिटीची बैठक झाली, आमच्याच पुढच्या खोलीत. मी सुरळीच्या वड्या केल्या होत्या. दाराशी ट्रे घेऊन उभी राहून मी जे ऐकलं, ते मला अजून शब्दन्‌शब्द आठवतं.

"मंत्री नको हो," मंडळाचे अध्यक्ष म्हणाले. "या वर्षी प्रमुख पाहुणे म्हणून काऊन्सिलर येणार आहेत."

"डॉक्टर तर मुळीच नको," एक बाई म्हणाल्या. त्यांचे यजमान डॉक्टर होते. "मुलांच्या मनावर काय परिणाम होईल?"

"ठीक आहे, डॉक्टरच्या जागी बँकवाला."

"अहो, आपले निम्मे मेंबर बँकेत!"

"मग पुजारी?"

"गणपतीसमोर पुजारी चोर? प्रभाकर, तुला झालंय काय?"

वड्या संपत आल्या तसे नाटकातले प्रतिष्ठित लोकही संपत आले. शेवटी ईशा म्हणाली, "मग फसवायचं कुणाला?"

काकांनी थोडा विचार केला आणि त्यांचा चेहरा उजळला. "खेडवळ माणूस! गावाकडचा, अडाणी. विलायतेला निघालाय, आणि भामटे त्याला सांगतात, सचोटीचा दाखला असल्याशिवाय विमानात घेत नाहीत. तो आपला पासपोर्टच त्यांच्या हातात देऊन बसतो! लोक हसून हसून मरतील."

सगळे तिथेच हसून हसून मेले. कुणीतरी म्हणालं, शेवट बदला, चोर सुटलेले दाखवू नका. म्हणून काकांनी शेवटी एक इन्स्पेक्टर घातला. तो भामट्यांना पकडतो, पासपोर्ट हातात उंच धरतो आणि प्रामाणिकपणावर भाषण करतो. ती भूमिका काकांनी स्वतःकडे घेतली. मी रिकामा ट्रे घेऊन स्वयंपाकघरात गेले. गावाकडचा, अडाणी, पासपोर्ट हातात देऊन बसलेला. माझी आठवण त्या खोलीत एकालाही झाली नाही. झाली असती तर तेवढी तरी इज्जत राहिली असती त्यांची.

तालमी सुरू झाल्या. या मंडळाची एक गंमत होती. नाटक मराठी, पण करणाऱ्या पोरांपैकी एकालाही मराठी वाचता येत नव्हतं. काकांनी हौसेने देवनागरीत लिहिलेले कागद वाटले आणि पोरं ते उलटसुलट करून बघत बसली. मग माझी नेमणूक झाली. मी एकेक वाक्य वाचायचं, पोरांनी माझ्या मागून म्हणायचं, पाठ होईपर्यंत. चौथी शिकलेली मी आणि माझ्यापुढे युनिव्हर्सिटीत जाणारी आठ मुलं, "पुन्हा सांग ना, हंसा, स्लोली." मला लाज वाटायची. पण खरं सांगते, त्या दोन महिन्यांत मला पहिल्यांदा बरं वाटलं. खेडुताचं काम एक दाताचे डॉक्टर करणार होते. त्यांना वाचता येत होतं, पण ते माझ्यासमोर येऊन बसायचे आणि म्हणायचे, "तुमच्याकडे कसं बोलतात ते जरा करून दाखव." मी बोलले की ते वहीत टिपून घ्यायचे. शास्त्रज्ञ बेडकाकडे बघतो तसे बघायचे माझ्याकडे.

नाटकाचं सामानही माझ्याकडेच होतं. पासपोर्ट मी केला, कॉर्नफ्लेक्सच्या खोक्याचा गत्ता कापून, त्यावर निळा कागद चिकटवून. एमिकोने सोनेरी पेनने वर तीन सिंह काढले. इतके हुबेहूब काढले की मीच क्षणभर दचकले.

मंडळात सुनंदाताई म्हणून एक नर्स होत्या, नागपूरच्या. बौद्ध समाजाच्या. त्यांची स्वतःची माणसं, स्वतःचे कार्यक्रम होते, पण गणपतीतल्या मराठी नाटकाची त्यांना हौस, म्हणून तालमींना यायच्या. मंडळाने त्यांना, पंचवीस वर्षं हॉस्पिटलात काढलेल्या बाईला, चहाच्या टेबलावर उभं केलं होतं. पाहुण्यांसमोर 'आमच्यात भेदभाव नाही हं' म्हणायचं आणि त्यांच्या हातचा डबा मात्र झाकणासकट परत करायचा, हेही मी पाहिलं होतं. एकदा कप विसळताना त्यांनी मला सरळ विचारलं, "पासपोर्ट कुठं आहे तुझा?"

"क्रॉयडनला," मी म्हटलं.

"कधीपासून?"

"पाच महिने झाले."

"पावती दाखवली का त्यांनी? कागद?"

मी नाही म्हणून मान हलवली.

"अगं बाई! तिथं पाठवलं की कागद येतो. तू कायद्याने आलेली पोरगी आहे. हे घर सोडून दुसऱ्या घरी काम धरू शकते तू, कोणी अडवू शकत नाही. पण व्हिसा संपायच्या आत पासपोर्ट हातात पाहिजे. कोणती तारीख आहे?"

मला तारीखही माहीत नव्हती. त्यांनी बशी पुसली, माझ्या हातात एका कागदावर फोन नंबर लिहून ठेवला आणि म्हणाल्या, "ब्रिस्टलला माझ्या ओळखीचं म्हातारं जोडपं आहे. चांगली माणसं. पासपोर्ट भेटला की सांग."

प्रयोगाच्या आदल्या दिवशी शाळेच्या हॉलमध्ये रंगीत तालीम होती. काकांचं नाटकाबद्दल एक मत होतं आणि ते दर तालमीला ऐकावं लागे. "हातात खरी वस्तू आली की अभिनय खरा होतो." त्यासाठी त्यांनी खरी चंची आणवली, खरी तंबाखू आणवली. गत्त्याचा पासपोर्ट त्यांना पहिल्यापासून खुपत होता. पण मंडळातल्या सगळ्या मान्यवरांचे पासपोर्ट केव्हाच ब्रिटिश, म्हणजे लाल झाले होते, आणि खेडुताच्या हातात निळाच हवा. त्या दिवशी त्यांनी कोटाच्या आतल्या खिशातून एक निळा पासपोर्ट काढून टेबलावर ठेवला. "हा घ्या. जुना पडला होता एकाचा." आणि ते दिवे बघायला स्टेजवर गेले.

सामान माझ्याकडे होतं, म्हणून मी तो उचलला. उचलताच हाताला कळलं. एका कोपऱ्याला आजींच्या तेलाचा डाग होता, विमानात सांडलेला. उघडला. दोन वेण्या घातलेली, घाबरलेली मी त्यातून माझ्याकडे बघत होते. मी पानं उलटली. इंग्रजी मला येत नव्हतं पण आकडे येत होते. व्हिसा संपायला अकरा दिवस होते. कसलाही नवा शिक्का नाही. तो क्रॉयडनला कधी गेलाच नव्हता. पाच महिने तो माझ्या खोलीच्या भिंतीपलीकडे, काकांच्या कपाटात होता. मी रोज ज्या कपाटाची धूळ पुसत होते, त्यात.

माझ्यात तेवढं धाडस कुठून आलं माहीत नाही, पण मी स्टेजजवळ गेले. "काका, हा माझा आहे."

काकांनी वळून बघितलं. चेहऱ्यावर एक रेघ हलली नाही. "हो, परवाच आला क्रॉयडनहून. पोस्टाने."

"पण शिक्का नाहीये. अकरा दिवस राहिलेत."

"हंसा," ते अगदी मऊ आवाजात म्हणाले, "उद्या प्रयोग आहे. दोनशे माणसं येणार आहेत. आत्ता हे बोलायची वेळ आहे का? होऊ दे, मग शांतपणे बघू." आणि माझ्या हातातून पासपोर्ट घेऊन खिशात ठेवला. "जोखमीची वस्तू आहे. माझ्याकडेच राहू दे." काकू शेजारी उभ्या होत्या. त्या झेंडूच्या माळा मोजायला लागल्या.

मला त्या माणसाचं आजही नवल वाटतं. चोराला निदान पळावं तरी लागतं. हा जागचा हललासुद्धा नाही.

प्रयोगाच्या दिवशी हॉल भरला. साखर कमी घातलेल्या मोदकांचे ट्रे, अत्तराचे वास, पैठण्यांवर लोकरीचे स्वेटर. पहिल्या रांगेत काऊन्सिलर, गळ्यात हार घालून, एक अक्षर कळत नसताना सगळ्यांच्या आधी हसणारे. पडदा उघडला. दाताचे डॉक्टर फाटकं धोतर नेसून आले आणि माझ्या आईच्या बोलीत बोलायला लागले. लोक खुर्च्यांवर आडवे झाले. डॉक्टरांनी तंबाखू मळली, लोक हसले. नाक पुसलं, लोक हसले. विमान म्हणजे काय ते विचारलं, तर अध्यक्षांच्या डोळ्यांतून पाणी आलं. मी पडद्याआड वही धरून उभी होते. या दोनशे जणांतले निम्मे स्वतः किंवा त्यांचे बाप असेच गाठोडं घेऊन विमानात चढले असतील. पण ते आता कोणाला आठवायचं नव्हतं. कोट वर नेऊन ठेवले की वास लागत नाही.

ईशा भामटीचं काम करत होती. तिने खेडुताकडून पासपोर्ट मागितला. काकांनी पडदा उघडायच्या आधी तो डॉक्टरांच्या हातात स्वतः दिला होता. डॉक्टरांनी तो वाकून तिच्या हातावर ठेवला. ती तो उघडून नाव वाचायचा अभिनय करणार होती. तिने उघडला. तिचं वाक्य होतं, "वा गणपतराव, फोटो झकास आलाय!" ती बोलेना. मी आडून हळूच वाक्य सांगितलं. तिने माझ्याकडे बघितलं. माझ्या तोंडाकडे, मग हातातल्या फोटोकडे. मग घाईघाईने वाक्य म्हणाली आणि आत आली.

आत येताच तिने मला दिव्याखाली ओढलं. बाहेर डॉक्टर फसवलं गेल्याचं रडगाणं गात होते. ते गाणं चांगलं पाच मिनिटांचं होतं.

"हा तू आहेस."

"हो."

"बाबांनी सांगितलं क्रॉयडनला आहे. तुला पण तेच सांगितलं?"

"पाच महिने."

"ओ माय गॉड." तिचा रंग उतरला. बाहेर पुन्हा हशा झाला. "मग आता? मला तर हे परत घेऊन जायचं आहे. बाबा इन्स्पेक्टर आहे. त्यांना द्यायचं आहे."

मी उभ्या आयुष्यात कुणाला काही कर म्हणून सांगितलं नव्हतं. सामानाच्या डब्यातून गत्त्याचा पासपोर्ट काढला आणि तिच्यापुढे धरला. "त्यांना हा दे. तो मला दे."

"ते बघतील ना! ही विल किल मी."

"नाही बघणार. त्यांनी चष्मा काढलाय. इन्स्पेक्टरला शोभत नाही म्हणून."

ईशा माझ्याकडे बघत राहिली. एका बाजूला तिचा बाप होता, ते मला कळत होतं. ती नाही म्हणाली असती तर मी तिला दोष दिला नसता. बाहेर गाण्याचं शेवटचं कडवं लागलं. तिने तोंडातल्या तोंडात एक वाईट इंग्रजी शब्द उच्चारला, माझा पासपोर्ट माझ्या पोलक्यात खुपसला, गत्त्याचा हातात घेतला आणि बेड्या घालून घ्यायला स्टेजवर गेली.

इन्स्पेक्टर प्रभाकरकाकांनी तिच्या हातून तो हिसकावून घेतला आणि दिव्यात उंच धरला. एमिकोचे सिंह झगमगले. "हा नुसता कागद नव्हे!" काका गरजले. "ही एका गरीब माणसाची ओळख आहे! त्याची अब्रू आहे! जो दुसऱ्याची ओळख हिरावतो, त्याच्यासारखा अधम या भूतलावर नाही!" त्यांची नजर पहिल्या रांगेवर खिळलेली होती. काऊन्सिलर उभे राहून टाळ्या वाजवायला लागले, मग सगळा हॉल उभा राहिला. तालमीला काका नसले की त्यांच्या जागी ते भाषण मीच वाचायचे, चाळीस वेळा तरी वाचलं असेल. बोलणाऱ्याला त्याचा अर्थ कळला नाही तरी ते किती जोरात बोलता येतं, ते त्या दिवशी पाहिलं.

घरी आल्यावर काकांनी गळ्यातला हार न काढताच कपाट उघडलं, गत्त्याचा पासपोर्ट न बघताच आतल्या खणात ठेवला, दोनदा किल्ली फिरवली आणि दार ओढून पाहिलं. मी जिन्यात उभी होते. ते म्हणाले, "शांतपणे बघू म्हटलं होतं ना? या महिन्यात बघू." मी हो म्हटलं.

तिसऱ्या दिवशी सगळे कामावर गेल्यावर मी कोरडे कपडे घड्या करून ठेवले, भात-आमटी करून झाकली, आणि भर दुपारी पुढच्या दाराने निघाले. एमिको दारापर्यंत आली. कमरेत वाकली. मीही वाकले. सुनंदाताई स्टेशनवर उभ्या होत्या. दुसऱ्या दिवशी आम्ही ट्रेन आणि मग ट्राम घेऊन क्रॉयडनला गेलो. तिथे कपाट वगैरे काही नव्हतं. माणसांची लांब रांग आणि एक कंटाळलेली बाई खिडकीमागे. मला कामावर ठेवत असल्याचं ब्रिस्टलच्या जोडप्याचं पत्र सुनंदाताईंनी फॅक्सने मागवून ठेवलं होतं. त्या बाईने पासपोर्ट घेतला आणि त्याबदल्यात एक कागद दिला. खरा कागद, तारखेचा. सात दिवस शिल्लक होते.

पुढे कुणाकुणाकडून कळलं की काका दोन दिवस सगळ्यांना निवांत सांगत होते, "जाईल कुठे? पासपोर्ट तर माझ्याकडे आहे." मग त्यांना कपाट उघडावंसं वाटलं. शुक्रवारी संध्याकाळी सुनंदाताईंचा फोन वाजला. त्यांनी तो कानापासून लांब धरला, मलाही ऐकू यावं म्हणून.

"ती तुमच्याकडे आहे, मला माहितीये," काकांचा आवाज. "ही सरळ सरळ चोरी आहे. मी पोलिसांत जाणार."

"जा नं. काय चोरलं म्हणून सांगाल?"

"माझ्या कपाटातली वस्तू."

"कोणती वस्तू? सांगा, मी लिहून घेते. वरती नाव कोणाचं होतं तेही सांगा."

काकांच्या मागे छतावरचा भोंगा ओरडत होता. घरात आता कोट वर न्यायला कुणी नव्हतं. मग काका घसा खाकरून, कमिटीत बोलत तशा आवाजात म्हणाले, "ती नाटकाची प्रॉपर्टी होती. कायद्याने मंडळाच्या मालकीची."

सुनंदाताईंनी फोनवर हात ठेवला आणि हसू आवरत मला विचारलं, "काय सांगू?"

मी मटार सोलत होते. म्हटलं, "मंडळाची वस्तू त्यांच्याजवळच आहे म्हणावं. पुढच्या वर्षी लागेल. दमट जागी ठेवू नका, गत्ता फुगतो."

त्यांनी तसंच्या तसं सांगितलं.